जमिनीचा पहिला धनी

नालासोपारा ही परशुरामाची भूमी. महाभारताच्या शांतिपर्वात तिची कथा आहे. क्षत्रियांचा संहार करून जिंकलेली सगळी पृथ्वी परशुरामाने कश्यपाला दान दिली. दान घेतल्यावर कश्यपाने त्याला सांगितले, की दिलेल्या भूमीत आता तुला राहता येणार नाही, दक्षिण समुद्राच्या काठी जा. समुद्राने त्याच्यासाठी जागा करून दिली. तिचे नाव शूर्पारक, आजचे सोपारे. वसईतल्या निर्मळच्या क्षेत्रकथेतही परशुराम आहेच. तिथून ही कथा किनाऱ्याकिनाऱ्याने दक्षिणेला उतरत जाते. चिपळूणजवळचे परशुराम, गोवा, गोकर्ण, पुढे तुळुनाडू आणि केरळ, यांतल्या प्रत्येक मुलखाने स्वतःला परशुरामाची सृष्टी म्हटले आहे.

केरळात पोचेपर्यंत कथेला एक महत्त्वाची जोड मिळते. समुद्रातून वर आलेली जमीन खारट होती, त्यात काही पिकत नव्हते. परशुरामाने नागांची आराधना केली, त्यांनी जमिनीतला खारटपणा काढून टाकला, आणि मगच माणसांना तिथे राहता आले. मोबदला म्हणून प्रत्येक वस्तीने नागांसाठी एक कोपरा राखून ठेवायचा ठरला. केरळात त्या कोपऱ्याला सर्पकावू म्हणतात आणि तुळुनाडूत नागबन. महाभारतातल्या शूर्पारकाच्या कथेत हा नाग नाही. मात्र आज त्याच शूर्पारकाच्या परिसरात, वसई, नालासोपारा आणि विरारच्या इमारतींत, नागबन मानणारी माणसे मोठ्या संख्येने राहतात. म्हणून तुळू लोकांच्या नागपूजेवर वसईत बोलायला हवे.

तुळुनाडू म्हणजे कर्नाटकातले दक्षिण कन्नड आणि उडुपी हे दोन जिल्हे आणि केरळातल्या कासरगोडचा उत्तर भाग. २०११ च्या जनगणनेत तुळू मातृभाषा सांगणारे सुमारे १८ लाख ४६ हजार होते. मुंबईशी त्यांचे नाते शंभर वर्षांहून जुने आहे. मोगवीर या मच्छीमार समाजाची व्यवस्थापक मंडळी ही संस्था मुंबईत १९०२ मध्ये स्थापन झाली, बंट समाजाचा संघ १९२७ मध्ये. कोवळ्या वयात मुंबईत येऊन हॉटेलात कपबशा विसळायच्या, रात्री कन्नड रात्रशाळेत शिकायचे आणि पुढे गल्ल्यावर बसायचे, असा दोन पिढ्यांचा प्रवास आहे. मुंबईत जागा परवडेनाशी झाली तसे हे लोक पश्चिम रेल्वेच्या रुळांबरोबर उत्तरेला सरकले. आपण ज्यांना सरसकट 'अण्णा' म्हणतो त्यांत शेट्टी, पुजारी, बंगेरा, सालियन, कोटियन, अमीन अशी आडनावे आणि वेगवेगळ्या जाती आहेत. नागाला मात्र त्या सगळ्याच मानतात.

इथे येऊन त्यांनी शनिमंदिरे उभारली, अय्यप्पाच्या भजनमंडळ्या काढल्या, यक्षगानाचे प्रयोग लावले. नागासाठी करायची आश्लेषाबळीची पूजा मुंबई परिसरातही होते. इतके सगळे बरोबर आणता आले, मूळ नागबन तेवढे आणता आले नाही. नागपंचमी जवळ आली की गावाकडच्या गाड्यांची तिकिटे काढायची धावपळ सुरू होते. १९९८ मध्ये कोकण रेल्वे पूर्ण झाली आणि घाटातून बसने होणारा प्रवास एका रात्रीवर आला. काही गाड्या तर मुंबई टाळून वसई रोडवरून दिवामार्गे थेट किनाऱ्याला लागतात. सोय झाली म्हणून लोक अधिक जाऊ लागले हे खरे. पण सोय नव्हती तेव्हाही ते जात होते. त्याचे कारण त्यांच्या नागाच्या कल्पनेत आहे.

महाराष्ट्रात नाग हा प्रामुख्याने एका दिवसाचा देव आहे. श्रावण शुद्ध पंचमीला पाटावर गंधाने नाग काढायचा, दूध-लाह्या वाहायच्या, झिम्मा-फुगड्या खेळायच्या, आणि दुसऱ्या दिवसापासून तो पुन्हा साप. तुळुनाडूत नाग हा जागेचा देव आहे. एका कुटुंबाचा, म्हणजे एका मूळ घरातून फुटलेल्या सगळ्या शाखांचा, एक नाग असतो आणि तो एका ठरावीक जमिनीच्या तुकड्यात राहतो. ते घर पडले, शेत विकले, माणसे पांगली, तरी नागाचा पत्ता बदलत नाही. बंट, बिल्लव, मोगवीर या जातींत अळियसंतान पद्धत होती. तिच्यात वारसा मामाकडून भाच्याकडे, म्हणजे आईच्या वंशाने चालत असे. म्हणून अनेकांचे मूळ नागबन आईच्या आईच्या घरी असते. विरारमध्ये जन्मलेल्या, तुळू मोडकीतोडकी बोलणाऱ्या मुलालाही ते कुठे आहे हे आजीने सांगितलेले असते.

हे बन कसे असते? जुन्या पद्धतीचे बन म्हणजे शेताच्या कडेला किंवा घरामागे राखलेली गच्च झाडी. आत मोठाली झाडे, त्यांना लपेटलेल्या वेली, पायाखाली कुजलेल्या पानांचा थर, कुठे वारूळ, आणि झाडाच्या बुंध्याशी फणा कोरलेले दगड. आत कुणी कुऱ्हाड लावत नाही, वाळकी काटकीही उचलत नाही. वर्षातून ठरलेल्या दिवशीच आत जायचे. अनेक ठिकाणी नागाबरोबर रक्तेश्वरी, नंदिगोण, क्षेत्रपाल आणि ब्रह्मा (तुळूत बेर्मेर) यांची स्थाने असतात. उडुपी जिल्ह्यातल्या पडुबिद्रीचे ब्रह्मस्थान तर पाहण्यासारखे आहे. झाडीतल्या मोकळ्या जागेतले हे पूज्य स्थान, छप्पर नाही आणि देऊळ म्हणावे असे बांधकामही नाही. तिथे एक वर्षाआड ढक्केबळी हा नागाचा विधी होतो तेव्हा रात्रभर माणसांची रीघ लागते.

नागपंचमीला बनात जाऊन नागाला 'तनु' घालतात. दगडावर दूध आणि शहाळ्याचे पाणी ओततात, हळद लावतात, पोफळीचा तुरा वाहतात. तुळूत या तुऱ्याला पिंगार म्हणतात आणि नागाला त्याच्याइतके प्रिय काही नाही असा समज आहे. घरी हळदीच्या पानात तांदळाचे पीठ, गूळ आणि खोबरे भरून वाफवलेली गट्टी होते. वसईतल्या किंवा मालवणातल्या बाईला तिची कृती सांगावी लागणार नाही, कारण नागपंचमीच्या आपल्या पातोळ्या त्याच. श्रावणात हळदीची पाने हाताएवढी झालेली असतात आणि त्या दिवशी तवा चुलीवर ठेवायचा नसतो, म्हणून वाफवायचे. किनारा एक आणि पाऊसही एकच. राज्याची सीमा त्यात नंतर आली.

आपल्या नागपंचमीच्या कहाणीत हीच जमिनीची गोष्ट दडलेली आहे. शेतकरी नांगर धरतो, फाळ वारुळात घुसतो, नागिणीची पिल्ले मरतात. नागीण परत येते, रिकामे वारूळ बघते आणि शेतकऱ्याच्या घरादाराला डसते. उरते ती सासरी असलेली लेक. तिला डसायला नागीण जाते तर लेकीने पाटावर नाग-नागीण काढून पूजा मांडलेली असते. नागीण प्रसन्न होते, अमृत देते, माहेरचे सगळे जिवंत होतात. कहाणीत चूक कुणाची, याबद्दल काही शंका ठेवलेली नाही. नांगरणाऱ्याने दुसऱ्याचे घर मोडले. म्हणून त्या दिवशी नांगरायचे नाही, खणायचे नाही, चिरायचे नाही, कापायचे नाही. वर्षभर माणूस जमिनीवर जी हत्यारे चालवतो ती एक दिवस खाली ठेवायची. तुळू माणसाने ही बंदी एका दिवसाऐवजी एका तुकड्यावर, पण बारा महिने लागू केली. दोन्हींचे मूळ एकच आहे, आणि परिणामाच्या दृष्टीने पाहिले तर तुळू रीत जास्त शहाणी आहे.

महाराष्ट्रातही जागेचा नाग पूर्णपणे संपलेला नाही. सिंधुदुर्गात आणि गोव्यात सातेरी ही ग्रामदेवता वारुळाच्या रूपात पुजली जाते. वेंगुर्ल्याची सातेरी प्रसिद्ध आहे, गोव्यात तर तिची ठाणी गावोगाव आहेत. अनेक देवळांत गाभाऱ्यात खरेखुरे वारूळ असते, त्यावर मुखवटा चढवतात. रा. चिं. ढेरे यांनी 'लज्जागौरी' या ग्रंथात वारूळ हे भूमीच्या सर्जनाचे प्रतीक कसे आहे आणि सातेरी, रेणुका, यल्लम्मा यांचा त्याच्याशी काय संबंध आहे, हे फार खोलवर मांडले आहे. तिकडे दक्षिणेत कुक्के सुब्रह्मण्य या तुळुनाडूतल्या सर्वांत मोठ्या नागक्षेत्रात प्रसाद म्हणून वारुळाची माती देतात. ती माती आणि सातेरीचे वारूळ यांच्यात शेकडो किलोमीटर अंतर आहे, पण श्रद्धा एका जातीची आहे.

कुक्केचा मुख्य उत्सव मार्गशीर्ष शुद्ध षष्ठीला, म्हणजे चंपाषष्ठीला असतो. त्याच दिवशी जेजुरीत खंडोबाचा भंडारा उधळला जातो. कुक्केच्या रथासाठी वेताचे काम मलेकुडिया हे जंगलात राहणारे आदिवासी करतात. देव सुब्रह्मण्य झाला, पूजा वैदिक झाली, तरी रथ बांधण्याचा मान रानातल्या माणसांकडेच राहिला. नागाची पूजा मुळात कुणाची होती याची ही खूण आहे. कुंदापूरच्या बाजूला मेर समाज मातीच्या घटात नागाची, म्हणजे काड्याची, स्थापना करतो आणि काड्यनाट हा स्वतःचा विधी करतो. त्यात ब्राह्मण पुरोहित नसतो. तुळू नागपूजा म्हटली की झगमगत्या नागमंडलाची छायाचित्रे समोर येतात आणि मेरांचा घट विसरला जातो. हे बरोबर नाही. घटातला तो नाग नसता तर मंडलातला नाग आला कुठून असता?

तरीही नागमंडल हा भारतातल्या अत्यंत देखण्या विधींपैकी एक आहे, यात शंका नाही. मराठी प्रेक्षकाला हे नाव गिरीश कर्नाडांच्या नाटकामुळे ठाऊक आहे, पण ते नाटक कानडी लोककथांवर उभे आहे. विधीची गोष्ट वेगळी. पावसाळा संपून शेते मोकळी झाली की नागमंडले सुरू होतात. मांडव घालतात, छताला फुले, पाने, पोफळीचे तुरे टांगतात. संध्याकाळी जमिनीवर एकमेकांत गुंतलेल्या वेटोळ्यांचा प्रचंड नाग रेखायला घेतात. रंग पाच: पांढरा, हळदीचा पिवळा, हळदीत चुना कालवून झालेला लाल, पानांच्या भुकटीचा हिरवा आणि जाळलेल्या तुसांचा काळा. वेटोळ्यांच्या गाठींना पवित्र म्हणतात. चार गाठींचे चतुःपवित्र, आठांचे अष्टपवित्र, सोळांचे षोडशपवित्र मंडल.

रात्र चढली की दोघे समोरासमोर येतात. एक नागपात्री. त्याच्या अंगात नाग येतो, तो पिंगाराचे झुबके तोंडावर, छातीवर घासत थरथरत असतो. दुसरा वैद्य, अर्धा पुरुष अर्धी स्त्री अशा वेषातला, हातात ढक्के नावाचे डमरूसारखे वाद्य घेतलेला. तो नागकन्येच्या भूमिकेत गातो, नाचतो, नागाला आळवतो, खेळवतो. वैद्य ही नागाच्या सेवेत पिढ्यान्‌पिढ्या असलेली घराणी आहेत. पहाटेपर्यंत हे चालते आणि नाचणाऱ्यांच्या पावलांखाली ते सुंदर चित्र पुसले जाते. उरलेली रंगीत भुकटी लोक प्रसाद म्हणून घरी नेतात. जवळच्याच केरळात पुळ्ळुवन समाज असेच चित्र काढून सर्पाची गाणी गातो, तिथेही शेवटी चित्र मोडायचे असते. आलाप्पुळा जिल्ह्यातल्या मन्नारशालाच्या सर्पस्थानात तर मुख्य पूजेचा अधिकार घरातल्या ज्येष्ठ स्त्रीकडे आहे.

नागाच्या मृत्यूची रीत याहून अधिक बोलकी आहे. तुळुनाडूत मेलेला नाग दिसला तर त्याला ओलांडून कुणी जात नाही. माणसाप्रमाणे त्याचे दहन करतात, पुढचे संस्कार करतात. नकळत नाग मारला गेला, किंवा पूर्वजांच्या हातून मारला गेला असे ज्योतिषाने सांगितले, तर कुक्केला जाऊन सर्पसंस्कार करतात. घरात मूल होत नाही, त्वचेचा रोग बरा होत नाही, भावाभावांत पटत नाही, की ज्योतिषाकडे प्रश्न लावला जातो. पुष्कळदा उत्तर ठरलेले असते: तुमचे मूळ बन दुर्लक्षित आहे. मग मुंबई, वसई, पुणे, दुबई येथे पांगलेल्या शाखांचे व्हॉट्सॲप गट तयार होतात, वर्गणी निघते, ज्यांनी एकमेकांना कधी पाहिले नाही ते चुलत-मावस भाऊ एका झाडाखाली उभे राहतात.

या भीतीचा धंदाही होतो. मोठ्या नागमंडलाला लाखो रुपये लागतात आणि कर्ज काढून ते करणारी कुटुंबे आहेत. वंध्यत्वाला आणि कोडाला औषधोपचार आहेत. त्यांची जागा पूजेने घेऊ नये. सर्पदंश झाला तर वेळ न घालवता रुग्णालय गाठावे, तिथे प्रतिविष मिळते. नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे या चारही सापांच्या विषावर चालणारे प्रतिविष परळच्या हाफकिनमध्ये पिढ्यान्‌पिढ्या तयार होत आले आहे. नाग दूध पीत नाही, हेही शाळेतल्या प्रत्येक मुलाला माहीत असायला हवे. गारुड्याच्या टोपलीतला उपाशी नाग पूजणे ही पूजा नव्हे, छळ आहे. सांगली जिल्ह्यातल्या बत्तीस शिराळ्यात बिळे शोधून जिवंत नाग पकडायचे आणि पंचमीला मिरवायचे, अशी जुनी प्रथा होती. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याच्या आधारे मुंबई उच्च न्यायालयाने तिला मनाई केली. शिराळकरांचे नागावरचे प्रेम खोटे नव्हते. पण तुळू रीतीत नागाला हात लावायचा नाही, त्याच्या घरात शिरायचे नाही, दगडावर पाणी घालून परत फिरायचे. नागाच्या दृष्टीने यापेक्षा चांगली भक्ती नाही.

मग तुळू नागपूजेला धोका कशाचा आहे? नास्तिकांचा किंवा न्यायालयांचा धोका फारसा नाही. खरा धोका सिमेंटचा आहे. १९७४ मध्ये कर्नाटकात कुळकायद्याची मोठी दुरुस्ती झाली आणि अनेक बंट घराण्यांच्या जमिनी कसणाऱ्यांकडे गेल्या. ते न्याय्य होते. मात्र कितीतरी बने दुसऱ्याच्या शेतात राहिली आणि हळूहळू आक्रसली. नंतर शहरातून पैसा आला. मुंबईत धंद्यात यशस्वी झालेल्या भाविकाला वाटते, आपल्या नागाची जागा अशी अडचणीची, काळोखी का असावी? तो झाडे काढतो, चौथरा बांधतो, फरशी बसवतो, भोवती लोखंडी कठडा लावतो. दगडाचा नाग उन्हात तळपत बसतो आणि खरा नाग, ज्याला सावली, ओल, उंदीर आणि बेडूक लागतात, तो निघून जातो. दक्षिण कन्नड आणि उडुपीत अशी शेकडो बने गुळगुळीत झाली आहेत. तिथले निसर्गअभ्यासक आणि काही पुरोहितसुद्धा याविरुद्ध बोलत आहेत. माधव गाडगीळ आणि वा. द. वर्तक यांनी सत्तरच्या दशकात पश्चिम घाटातल्या देवरायांचा अभ्यास करून दाखवले, की या राया म्हणजे जुन्या जंगलाचे उरलेले नमुने आहेत. नागबन ही सर्वांत छोटी देवराई. तिचा आकार घराच्या अंगणाएवढा असतो, म्हणूनच ती एका दिवसात संपवता येते.

इरावती कर्वे यांनी 'युगान्त'मधल्या 'मयसभा' या लेखात खांडवदहनाकडे नव्या नजरेने पाहायला शिकवले. इंद्रप्रस्थ उभे करायला कृष्ण-अर्जुनांनी खांडववन जाळले आणि तिथे आधीपासून राहणाऱ्या नागांना पळूनही जाऊ दिले नाही. तक्षक त्यातून वाचला, पुढे परीक्षिताला डसला, जनमेजयाने सर्पसत्र मांडले आणि आस्तिकाने ते थांबवले. महाभारताची चौकट या वैरावर उभी आहे. नागबन हा त्या वैरावरचा तोडगा आहे. वस्ती करा, भात पिकवा, पण सगळे घेऊ नका. पहिल्या धन्याला त्याचा वाटा द्या.

वसई-विरारने गेल्या तीस-चाळीस वर्षांत सगळे घेतले. खाजणांवर भराव पडला, वाड्यांच्या जागी इमारती आल्या, आणि पिढ्यान्‌पिढ्या पाणी धरून ठेवणारी बावखले बुजवली गेली. वाडीतली केळी-पोफळी शिंपायला, भूजल गोडे ठेवायला आणि पावसाचे पाणी जिरवायला ही तळी होती. समुद्राकाठच्या या पट्ट्यात खारे पाणी आत येऊ न देण्याचे काम त्यांनीच केले. परशुरामाच्या कथेत ते काम नागांनी केले होते. २०१८ च्या जुलैत इथे दिवसेंदिवस पाणी साचून राहिले, लोकांनी घरात अडकून ते सोसले. भराव टाकलेल्या जागेतून बाहेर पडलेले नाग आणि धामणी इमारतींच्या जिन्यात सापडतात तेव्हा साप घरात शिरला अशी ओरड होते. कुणाच्या घरात कोण शिरले, हे कहाणीतल्या शेतकऱ्याच्या लेकीला कळले होते.

वसई-विरारमधल्या तुळू मंडळींना एक विनंती आहे. गावाहून बनाच्या जीर्णोद्धारासाठी वर्गणीचा निरोप आला, तर पैसे देण्याआधी एक प्रश्न विचारा: झाडे किती राहणार? चौथऱ्याला नकार द्या, रोपांना पैसे द्या. शहरातून जाणारा पैसा तुमचा आहे, त्यामुळे तुमचा शब्द तिथे चालतो. आणि वसईकरांनी आपापल्या वाडीत, आळीत, सोसायटीच्या हद्दीत जे एखादे बावखल, जी एखादी जुनी झाडी अजून शिल्लक आहे तिची नोंद या पावसाळ्यात करावी, ती बुजवण्याची किंवा तोडण्याची हालचाल दिसताच महापालिकेकडे लेखी हरकत घ्यावी, आणि येत्या नागपंचमीला पाटावरच्या नागाची पूजा झाली की घरातल्या मुलांना ती जागा दाखवून आणावी.